बीव्हरबद्दल मला सतत विचारले जाणारे प्रश्न आणि जमतील तशी उत्तरं

कॅनडात कॅलगरीला येऊन अकरा वर्षं झाली, घरामागे एक तळं आहे, त्यात बीव्हर राहतात. फॅमिली ग्रुपवर फोटो टाकला की दर वेळी तेच प्रश्न येतात, आईचे वेगळे, भाच्याचे वेगळे, मिरजेच्या काकांचे तर फारच वेगळे. मंडळाच्या गणपतीत पण कोणीतरी गाठतंच. म्हणून एकदाचं सगळं लिहून टाकलंय, आता कोणी विचारलं की हीच लिंक पाठवणार. मी काही प्राणीशास्त्राची माणूस नाही, पण सात-आठ वर्षं रोज संध्याकाळी बघतेय आणि हाताला लागेल ते वाचतेय.

बीव्हर म्हणजे आपलं पाणमांजर ना?

नाही हो! हा प्रश्न एक नंबरवर आहे म्हणून पहिला घेतला. पाणमांजर म्हणजे ऑटर, तो मांसाहारी, मासे खेकडे खाणारा, लांबसडक चपळ प्राणी, गोव्यात चोडणला किंवा आपल्या कोकणातल्या खाड्यांत दिसतो. बीव्हर हा उंदीर-खारींच्या खानदानातला, म्हणजे कुरतडणारा. त्याला मराठीत शब्दच नाही कारण तो आपल्याकडे कधी नव्हताच, त्यामुळे बीव्हरच म्हणा. आकार मात्र उंदराचा नाही, मोठा झालेला १६ ते ३० किलोपर्यंत भरतो, जगात कुरतडणाऱ्यांत त्याच्यापेक्षा मोठा फक्त दक्षिण अमेरिकेतला कॅपीबारा. आपल्याकडचं साळिंदर पण ह्याच गटातलं आणि शेकरू पण. म्हणजे महाराष्ट्राचा राज्यप्राणी आणि कॅनडाचं राष्ट्रीय प्रतीक लांबचे भाऊबंद आहेत, हे सांगितल्यावर काकांना बीव्हरबद्दल एकदम आपुलकी वाटायला लागली.

किती जाती आहेत?

दोनच. एक उत्तर अमेरिकेतला, एक युरोप-आशियातला. दिसायला इतके सारखे की तज्ज्ञसुद्धा नुसतं बघून गडबडतात, पण क्रोमोझोम ४० आणि ४८ असे वेगळे आहेत त्यामुळे त्यांची आपापसात पिल्लं होत नाहीत. भारताला त्यातल्या त्यात जवळचे बीव्हर मंगोलिया आणि चीनच्या शिनजियांगच्या सीमेवर, उलुंगुर नदीच्या खोऱ्यात आहेत, तेही थोडेच.

मासे खातो का?

अजिबात नाही, शुद्ध शाकाहारी. उन्हाळ्यात गवत, पाणवनस्पती, कमळाचे कांदे, कोवळी पानं. थंडीत झाडाची साल, म्हणजे खरं तर सालीच्या आतला तो ओलसर हिरवट थर. लाकूड खातो असं लोक म्हणतात पण लाकूड तो टाकून देतो, फांदी दोन्ही हातात धरून कणसासारखी फिरवत फिरवत सोलतो आणि पांढरीशुभ्र काडी पाण्यात सोडून देतो. मी हे दहा फुटांवरून बघितलंय, आवाज अगदी कोणी गाजर किसत असल्यासारखा येतो. आवडीची झाडं म्हणजे ॲस्पेन, पॉप्लर, विलो.

साल पचवणं सोपं नसतं म्हणून आतड्यात जंतूंची वेगळी थैली असते, आणि तरी पूर्ण पचत नाही म्हणून पहिल्यांदा पडलेली मऊ विष्ठा तो परत खातो. ससे पण करतात हे. (भाच्याला हे सांगितल्यापासून तो बाकी काही विचारतच नाही.)

दात असे नारिंगी का? घासत नाही का तो?

पुढच्या चार दातांच्या वरच्या थरात लोह असतं, त्याचा रंग आहे तो. त्यामुळे पुढची बाजू भयंकर कडक, मागची बाजू मऊ, ती लवकर झिजते आणि दाताला आपोआप पटाशीसारखी धार राहते. दात आयुष्यभर वाढत राहतात, म्हणजे कुरतडलं नाही तर पंचाईत. आणखी एक मजा, ओठ दातांच्या मागे मिटतात, त्यामुळे तोंडात पाणी न जाता पाण्याखाली फांदी तोडता येते. नाक-कान पाण्यात आपोआप बंद होतात, डोळ्यांवर पारदर्शक पडदा येतो. पोहायचा गॉगल घरून घेऊनच जन्माला येतो म्हणा ना.

झाड कुठे पडणार हे त्याला कळतं का?

हा लोकांचा फार मोठा गैरसमज आहे की तो गणित करून झाड नदीच्या दिशेने पाडतो. नाही कळत. काठावरची झाडं मुळात उजेडासाठी पाण्याकडे झुकलेली असतात म्हणून बरीचशी पाण्याकडे पडतात, बाकी कुठेही पडतात, शेजारच्या झाडात अडकून राहतात, आणि कधीकधी झाड अंगावर पडून बीव्हरच मरतो. आमच्या तळ्याकाठी एक पॉप्लर चार वर्षं अर्धवट कुरतडलेला उभा आहे, वाळूच्या घड्याळासारखा, मध्ये मनगटाएवढा उरलाय. जवळ जाऊन बघितलं तर दातांच्या जोडखुणा दिसतात, रंध्याने लाकडावर चर पाडावेत तशा, आणि खाली ढलप्यांचा ढीग. ताज्या ढलप्यांना गोडसर वास येतो.

बांध का बांधतो?

इथे थोडं सविस्तर लिहिते कारण सगळा घोळ इथेच होतो. लोकांना वाटतं तो पाणी साठवायला बांधतो, निसर्गाचा इंजिनियर वगैरे वगैरे. त्याला पाण्याचं काही पडलेलं नाही. त्याला स्वतःच्या घराचं दार पाण्याखाली हवं असतं, बस. जमिनीवर तो अगदीच बावळट, ढेरपोट्या, हळू चालणारा, लांडगा, कोयोटी (इथला कोल्ह्यासारखा प्राणी), अस्वल कोणीही उचलून नेईल, पण पाण्यात त्याला कोणी पकडू शकत नाही. त्यामुळे पाणी खोल असलं की दार सुरक्षित, आणि पाणी पसरलं की लांबच्या झाडापर्यंत पोहत जाता येतं. मोठ्या नदीत किंवा तलावात राहणारे बीव्हर बांध बांधतच नाहीत, काठाला बीळ करून राहतात, इथे बो नदीतले बरेचसे असेच आहेत. छोटा ओढा असला तरच बांध.

बांधायचं शिकवावं लागत नाही. स्वीडनच्या लार्स विल्सन ह्या शास्त्रज्ञाने १९६० च्या दशकात माणसांनी वाढवलेले बीव्हर पाळले होते, ज्यांनी आईबापांना कधी बांध बांधताना बघितलंच नव्हतं, तरी ते बांधायला लागले. मग त्याने स्पीकरवर वाहत्या पाण्याचा आवाज लावला तर बीव्हरांनी त्या स्पीकरवर काटक्या आणि चिखल आणून रचला, पाण्याचा थेंब नसताना! म्हणजे खळखळाट ऐकू आला की बुजवायचं, नळ टपकत असला की माझ्या आईला झोप येत नाही तसंच. अर्थात नुसता आवाजच नाही, गळती अंगाला जाणवली तरी ते येतात, पण आवाजाने हात शिवशिवतात हे नक्की.

बांधायची पद्धत म्हणाल तर आधी जाड फांद्या तळाला रोवायच्या, त्यावर आडव्या-तिडव्या काटक्या, दगड, मग वरच्या अंगाने चिखल आणि गवत लिंपायचं. चिखल छातीशी धरून पुढच्या दोन्ही हातांनी आणतात. शेपटीने थापतात असं कार्टूनमध्ये दाखवतात, ते खोटं. कॉलेजात असताना एनएसएसच्या कॅम्पला आम्ही वनराई बंधारा घातला होता, सिमेंटच्या रिकाम्या गोण्यांत माती-वाळू भरून ओढ्यात रचायच्या, दिवसभर शंभर पोरं राबलो आणि पहिल्या मोठ्या पावसात गेला. तो जायचाच असतो म्हणा, दरवर्षी नव्याने घालतात. बीव्हरचा बांधही असाच कच्चा, रोज पाझरतो, दर पुरात कुठेतरी फुटतो, फरक एवढाच की हा गडी रोज रात्री डागडुजीला हजर असतो.

जगातला सगळ्यात लांब बांध आमच्याच अल्बर्टा प्रांतात आहे, वुड बफेलो नॅशनल पार्कमध्ये, सुमारे ८५० मीटर. इतक्या आडबाजूला आणि दलदलीत की तो २००७ मध्ये गूगल अर्थवर सापडला.

म्हणजे तो बांधातच राहतो?

नाही, बांध वेगळा, घर वेगळं. घराला लॉज म्हणतात. (एसटी स्टँडसमोरचं नाही.) पाण्याच्या मधोमध किंवा काठाला काटक्या-चिखलाचा ढिगारा, आत पाण्याच्या पातळीच्या थोडं वर कोरडी खोली, तिथे सोललेल्या लाकडाचा भुसा अंथरलेला, आणि बाहेर जायचे रस्ते पाण्याखालून. वरच्या टोकाला लिंपण पातळ ठेवतात, हवा खेळायला. शिवाय मस्करॅट नावाचा छोटा पाणउंदीर कधीकधी त्याच घरात राहतो, भाडं न देता.

उणे तीसमध्ये काय करतो? झोपून राहतो?

झोपत नाही, म्हणजे अस्वलासारखी लांबच्या लांब झोप काढत नाही. सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये ह्यांची लगबग बघण्यासारखी असते, आपल्याकडे मे महिन्यात पापड-कुरडयांची असायची तशी. तोडलेल्या फांद्या ओढून आणून घराच्या दाराशी तळात रोवून ठेवतात, मोठा साठा करतात. मग तळं वरून गोठतं, पण पाणी खोल असल्याने खाली वाहतं राहतं. थंडीभर बर्फाखालून पोहत जायचं, एक फांदी आणायची, खोलीत बसून सोलायची. पाण्याखाली फार तर १५ मिनिटं राहू शकतो, एरवी पाच-सहा मिनिटांत काम आटपतो. म्हणून खोल पाण्याचा एवढा अट्टहास, ओढा तळापर्यंत गोठला तर दारच बंद आणि आत उपाशी मरायची वेळ.

गेल्या जानेवारीत उणे बत्तीस होतं, सकाळी मी उगाच खुळ्यासारखी तळ्यावर गेले. सगळं पांढरं, कुठे हालचाल नाही, आणि त्या ढिगाऱ्याच्या शेंड्यातून बारीक वाफ निघत होती. आत पाच-सहा जण दाटीवाटीने बसलेले असणार, त्यांच्या श्वासाची वाफ. शेंड्यावरच्या काटक्यांना तुरटीच्या खड्यासारखं दव चिकटलं होतं. व्हिडिओ काढायला हातमोजा काढला आणि बोटं बधिर होऊन फोन बर्फात पडला, ते सोडा.

शेपटी कशाला मग, थापायला नाही तर?

सुकाणू म्हणून, बसताना टेकायला, चरबी साठवायला, आणि धोका दिसला की पाण्यावर आपटायला. तो फाड्‌कन आवाज पहिल्यांदा ऐकाल तेव्हा दचकाल, कोणी मोठा धोंडा टाकल्यासारखा वाटतो. घरातले बाकीचे लगेच खोल पाण्यात.

कुटुंब कसं असतं?

आई-बाप, ह्या वर्षीची पिल्लं आणि गेल्या वर्षीची पोरं, सगळे एका छताखाली. जोडी शक्यतो जन्माची. पिल्लं मे-जूनमध्ये होतात, दोन ते चार, अंगावर केस आणि डोळे उघडे घेऊनच येतात. पहिले काही दिवस इतकी हलकी असतात की बुडी मारायची म्हटली तरी बुचासारखी वर येतात, त्यामुळे पाण्याखालच्या दारातून बाहेर पडणं जमत नाही. वर्षाची झालेली ताई-दादा मंडळी त्यांना खायला आणून देतात. दोन वर्षांची झाली की घर सोडतात, स्वतःचा ओढा शोधत, आणि त्यातले बरेच ह्याच प्रवासात मरतात, रस्त्यावर गाडीखाली वगैरे. आणि पिल्लं रडतात, खरंच, तान्ह्या बाळासारखं, जूनमध्ये लॉजजवळ शांत उभं राहिलं तर आतून ऐकू येतं.

नर कुठला मादी कुठली?

बाहेरून कळत नाही. तज्ज्ञ शेपटीजवळच्या ग्रंथीचा स्राव बोटावर घेऊन वास घेतात, इथल्या जातीत नराचा इंजिन ऑइलसारखा आणि मादीचा जुन्या चीजसारखा. हे लोकांचं रोजचं काम आहे, आणि आपण आपल्या ऑफिसबद्दल तक्रार करतो.

कॅस्टर ऑइल ह्याच्यापासून काढतात का?

काकांचा प्रश्न. लहानपणी जबरदस्तीने पाजलेल्या एरंडेलाचा सूड त्यांना अजून कोणावर तरी उगवायचाय. तर नाही, एरंडेल एरंडाच्या बियांचंच. गोंधळ नावामुळे होतो, कारण लॅटिनमध्ये बीव्हरला कॅस्टर म्हणतात आणि त्याच्या शेपटीजवळच्या पिशव्यांतल्या पिवळट स्रावाला कॅस्टोरियम. तो त्याने हद्द आखायला असतो, काठावर चिखलाचे छोटे ढीग करून त्यावर लावतो. माणसांनी तो औषधात आणि परफ्यूममध्ये शतकानुशतकं वापरला. आता 'व्हॅनिला आइस्क्रीममध्ये बीव्हरचा घाम असतो' असले फॉरवर्ड येतात, तर अमेरिकेत खाद्यपदार्थांत वापरायला परवानगी आहे हे खरं, पण काढणं इतकं किचकट आणि महाग आहे की जवळपास कोणी वापरत नाही, बाजारातला व्हॅनिलाचा स्वाद बहुतेक कारखान्यात बनवलेला असतो. आइस्क्रीम बिनधास्त खा.

एवढे होते तर मग संपले कसे?

टोप्यांपायी. खरंच, मुख्यतः टोप्या. बीव्हरच्या आतल्या मऊ केसांना सूक्ष्म काटे असतात, ते एकमेकांत अडकून घट्ट फेल्ट (नमदा) बनतो, पावसात आकार न सोडणारा. युरोपात साधारण १५५० ते १८५० अशी तीनशे वर्षं बड्या लोकांच्या डोक्यावर हीच हॅट. आधी युरोपातले बीव्हर संपवले, मग इकडे आले. हडसन्स बे कंपनी १६७० मध्ये निघाली ती मुख्यतः ह्याच व्यापारासाठी, आणि दुकानात बंदूक, ब्लँकेट, किटली ह्यांची किंमत पैशात नाही तर बीव्हरच्या कातड्यात मोजायचे, तेच चलन. हॅट बनवताना पारा वापरायचे, त्याने कारागिरांच्या मेंदूवर परिणाम व्हायचा ते वेगळंच.

गोरे लोक यायच्या आधी उत्तर अमेरिकेत ६ ते ४० कोटी बीव्हर असावेत असा अंदाज देतात (अंदाज केवढा मोठा घोळदार आहे बघा), १९०० च्या सुमारास लाखभर उरले. युरोप-आशियात तर अवघे १,२०० च्या आसपास. त्याआधी रेशमी हॅटची फॅशन आली होती म्हणून जरा तरी सुटका झाली, प्राणी वाचवायला पाहिजे असं कोणाच्या मनात आलं म्हणून नाही.

ह्यात एक गोष्ट मला कॅलगरीत आल्यावर कळली. हा सगळा भाग इथल्या मूळच्या ब्लॅकफूट लोकांचा, कोरडा, पाण्याची ओढ असलेला गवताळ प्रदेश. बीव्हर त्यांना पवित्र, आणि त्यांच्याकडे बीव्हर मारायला परंपरेने मनाई होती, त्यामुळे फरवाले व्यापारी त्यांच्यावर वैतागलेले असायचे. रानात पाणी कोणामुळे टिकतं हे त्यांना माहीत होतं. आणि आज त्याच भागात, कॅलगरीत, स्टॅम्पीडच्या (इथल्या काउबॉय जत्रेच्या) दिवसांत लोक ज्या महागड्या काउबॉय हॅट घालून मिरवतात त्यातल्या भारीतल्या अजूनही बीव्हर फेल्टच्या असतात.

मग परत कसे आले?

शिकारीवर बंदी, आणि माणसांनी उचलून उचलून नेऊन सोडले. नॉर्वेने १८४५ मध्येच संरक्षण दिलं होतं, स्वीडनने स्वतःचे संपवल्यावर १९२२ पासून नॉर्वेतून आणून सोडले. आता युरोपात बारा लाखांच्या वर आहेत, उत्तर अमेरिकेत एक ते दीड कोटी धरतात.

नेऊन सोडण्यातला सगळ्यात भारी किस्सा अमेरिकेतल्या आयडाहोचा. १९४८ मध्ये तिथल्या वन्यजीव खात्याला शेतांजवळचे बीव्हर डोंगरात आत न्यायचे होते, रस्ते नाहीत, खेचरांवर लादले तर खेचरं बिथरायची आणि बीव्हर उन्हाने मरायचे. युद्धातली पॅराशूटं शिल्लक पडली होती. मग काय, जमिनीला टेकल्यावर आपोआप उघडेल असा लाकडी खोका बनवला, जेरोनिमो नावाच्या एका म्हाताऱ्या बीव्हरला मैदानावर पुन्हा पुन्हा टाकून चाचणी घेतली, इतक्यांदा की शेवटी तो बिचारा बाहेर येऊन परत स्वतःच खोक्यात जाऊन बसायचा. मग ७६ बीव्हर विमानातून सोडले, त्यातला एकच मेला, तो वरच खोक्यातून बाहेर निघाला होता. जेरोनिमोला बक्षीस म्हणून पहिल्या खेपेत तीन माद्यांबरोबर पाठवलं.

ब्रिटनमध्ये ते सोळाव्या शतकात संपले होते, २००९ मध्ये स्कॉटलंडच्या नॅपडेलला नॉर्वेतले आणून सोडले. इंग्लंडात मात्र डेव्हनच्या एका नदीत ते कसे कोण जाणे स्वतःच दिसायला लागले, सरकार पकडून न्यायला निघालं तर गावकरी आडवे आले, आणि २०२० मध्ये राहायची परवानगी मिळाली. नदीचं नाव ऑटर! म्हणजे पाणमांजर नदीत बीव्हर, आमच्या काकांचाच गोंधळ. मार्च २०२५ मध्ये डॉर्सेटच्या पर्बेकला पहिल्यांदा रीतसर लायसन घेऊन मोकळे सोडले.

त्यांच्या बांधांचा खरंच काही उपयोग होतो की उगाच कौतुक?

होतो, आणि मोजलेला आहे. एडमंटनजवळच्या एल्क आयलंड पार्कमधल्या ५४ वर्षांच्या नोंदी तपासल्या तर बीव्हर असताना उघडं पाणी साधारण नऊपट होतं, आणि २००२ च्या भीषण दुष्काळात सुद्धा त्यांची तळी टिकून होती. पाणी थांबतं, पसरतं, जिरतं, गाळ खाली बसतो, खालच्या ओढ्याला उशिरापर्यंत धार राहते. 'पाणी अडवा पाणी जिरवा' आपण एसटीच्या मागे वाचायचो तेच हे. अमेरिकेच्या पश्चिमेतल्या पाच मोठ्या वणव्यांचा अभ्यास २०२० मध्ये आला, तर बीव्हर असलेल्या ओढ्यांकाठची हिरवळ बाकीच्यांपेक्षा सरासरी तिपटीने कमी होरपळली होती. ओरेगनमध्ये ब्रिज क्रीकवर माणसांनी खुंट ठोकून, विलो विणून बीव्हरची नक्कल करणारे शंभरावर बांध घातले, बीव्हर येऊन ते पुढे चालवायला लागले, आणि स्टीलहेड माशांची पिल्लं वाढली.

आणि चेकियाची बातमी तर तुम्ही पण वाचली असेल, २०२५ च्या सुरुवातीला आली होती. ब्रडी भागात ओढ्यावर बांध घालायचा सरकारी प्रकल्प २०१८ पासून परवानग्या, जमिनीचे कागद ह्यात अडकला होता, तेवढ्यात आठ बीव्हर आले आणि जवळजवळ हव्या त्याच ठिकाणी बांध घालून मोकळे, तीन कोटी क्राउन (तिथलं चलन) वाचले म्हणे. हे वाचून आमच्या सासरेबुवांनी, जे जलसंपदा खात्यातून रिटायर झालेत, दोन दिवस कोणाशी धड बोलणं केलं नाही.

मग आपल्याकडे, मराठवाड्यात आणून सोडले तर?

नको! प्लीज नको. हा प्रश्न दर उन्हाळ्यात येतो. एक तर बारमाही ओढा आणि काठाला पॉप्लर-विलो लागतात, मे महिन्यात परभणीला तो भाजून निघेल. आणि समजा जगलाच तर ते जास्त वाईट.

अर्जेंटिनाने हेच केलं. १९४६ मध्ये कॅनडातून २० बीव्हर नेऊन टिएरा देल फ्यूएगो ह्या अगदी दक्षिण टोकाच्या बेटावर सोडले, फरचा धंदा उभा राहील म्हणून. धंदा काही उभा राहिला नाही. तिथे लांडगे नाहीत, अस्वलं नाहीत, पसरत पसरत लाखाच्या आसपास गेले आणि १९९० च्या दशकात सामुद्रधुनी पोहून चिलीच्या मुख्य भूमीवर पोचले. मुद्दा काय, इकडचा विलो-ॲस्पेन तोडला की बुडातून परत फुटतो, हजारो वर्षं बीव्हरच्या दातांखाली वाढलेली झाडं आहेत ती. तिकडच्या लेंगा झाडाला बीव्हर कधी माहीतच नव्हता, ते तोडलं की गेलं, पाण्यात उभं राहिलं की कुजलं. मैलोन्‌मैल राखाडी मेलेली खोडं उभी आहेत. तोच प्राणी, तीच सवय, तोच बांध. त्याने काय, दाराशी पाणी खोल केलं, दुसरं काही केलं नाही.

अलास्काच्या उत्तरेला पण आता हेच चाललंय, तिथला टुंड्रा तापतोय, झुडपं वाढताहेत, त्यामागून बीव्हर वर सरकलेत. १९५० च्या आसपासच्या हवाई फोटोंत तिथे त्यांचं एकही तळं नव्हतं, आता ११,००० च्या वर मोजलीत, आणि तळ्याखालची कायम गोठलेली जमीन वितळायला लागलीय.

तुला काही त्रास नाही का त्यांचा?

आहे की. नवऱ्याने हौसेने लावलेलं सफरचंदाचं झाड, तिसऱ्या वर्षी पहिल्यांदा फुलोरा आला होता, सकाळी उठून बघतो तर जमिनीपासून दीड फुटावर पेन्सिलीच्या टोकासारखा बुंधा. वरचं अख्खं झाड ओढत नेल्याची वाट गवतात उमटली होती, सरळ तळ्यापर्यंत. पाण्यापासून तीस-चाळीस मीटरच्या आतलं काहीही त्यांचंच समजायचं. दोन दिवस घरात बीव्हर शब्द काढायची सोय नव्हती. चूक आमचीच, बुंध्याला जाळी लावायला हवी होती. कंबरेपेक्षा थोडी उंच, जाड तारेची, खोडापासून वीतभर लांब, बर्फ साचतो त्याचा हिशोब धरून. बो नदीकाठचे मोठे पॉप्लर बघा, बहुतेकांना जाळीची लुंगी नेसवलेली दिसेल.

रस्ता किंवा शेत बुडत असेल तर बांध फोडून उपयोग नाही, रात्रीत परत बांधतात. बीव्हर मारूनही नाही, दोन वर्षांत दुसरी जोडी येते कारण जागा चांगली आहे. त्यापेक्षा बांधातून एक जाड पाइप टाकतात, त्याचं वरचं तोंड बांधापासून बरंच आत, पाण्याखाली, जाळीच्या पिंजऱ्यात. पाणी गुपचूप जातं, खळखळ नाही, बीव्हरला कुठे बुजवायचं ते कळत नाही. आमच्या तळ्यात असा पाइप टाकल्यापासून मागची पायवाट बुडलेली नाही.

आणि हे ऐका, ब्रिटिश कोलंबियात टंबलर रिज गावाचं इंटरनेट एप्रिल २०२१ मध्ये गेलं, सुमारे ९०० घरांचं, कारण बीव्हरांनी जमिनीखालची फायबरची केबल नळीसकट चावली. केबलवर खूण म्हणून पुरलेली टेप त्यांनी घर लिंपायला वापरलेली सापडली.

चावतो का? मुलांना नेलं तर चालेल?

लांबून बघा, चालतं. तो पळून जाणाराच प्राणी आहे पण कोंडीत पकडलं तर चावतो, आणि ते दात झाड पाडणारे आहेत. २०१३ मध्ये बेलारूसमध्ये फोटो काढायला जवळ गेलेल्या एका माणसाच्या मांडीची धमनी तुटली आणि तो मेला. कुत्रा असेल तर दोरी सोडू नका, आणि तळ्याचं पाणी न उकळता पिऊ नका, जियार्डिया (पोट बिघडवणारा जंतुसंसर्ग) होतो.

कॅलगरीला आलो तर कुठे आणि कधी दिसेल?

मे ते ऑक्टोबर, सूर्य मावळायच्या तासभर आधीपासून अंधार पडेपर्यंत. फिश क्रीक पार्क किंवा बो नदीकाठ. ताज्या पिवळ्या ढलप्या दिसतात का बघा, करड्या झाल्या असतील तर तो जुना अड्डा. मग बसा. डासांचं ओडोमॉस लावून, बडबड न करता, वारा तोंडावर घेऊन, कारण त्याचं नाक तेज आणि डोळे यथातथाच. पाण्यावर इंग्रजी व्ही सारखी रेघ सरकताना दिसेल, रेघेच्या टोकाला एक तपकिरी डोकं. आई आली होती तेव्हा पाऊण तास बसलो, ती वैतागून म्हणाली की ह्यापेक्षा रंकाळ्यावर म्हशी बऱ्या, दिसतात तरी, आणि तेवढ्यात आमच्यापासून पंधरा फुटांवर तो वर आला, तोंडात पानांसकट फांदी, आमच्याकडे बघितलं, फाड्‌कन शेपटी आपटून गेला. आईचा थर्मास पाण्यात. तो काही परत मिळाला नाही, बांधात लावला असेल.